सही औंधच्या राजाचीच

औंध संस्थानाचा विषय निघाला की एक वाक्य हमखास कानावर येतं. गावांच्या हाती सत्ता देणाऱ्या घटनेची कल्पना गांधीजींची, मसुदा मॉरिस फ्रीडमन यांचा, धावपळ राजाचे चिरंजीव अप्पासाहेब पंतांची. राजे बाळासाहेब पंतप्रतिनिधी यांनी नुसती सही केली. चांगली शिकलेली माणसंही हे बोलतात, आणि दर वेळी माझा जीव तुटतो.

नुसती सही? औंधची घटना आकार घेत होती त्याच महिन्यांत राजकोट संस्थानात काय झालं ते आठवा. डिसेंबर १९३८ मध्ये तिथले राजे ठाकोरसाहेब यांनी सुधारणांचा करार सरदार पटेलांशी केला आणि लगेच फिरवला. मार्च १९३९ मध्ये गांधीजींना तिथं उपोषणाला बसावं लागलं. म्हणजे गांधीजींचा सल्ला राजकोटलाही मिळत होताच. औंधात मात्र सत्तरी गाठलेल्या राजानं जानेवारी १९३९ मध्ये घटना लागू केली. गावानं आपली पंचायत निवडायची, पंचायतींतून तालुका समिती आणि त्यातून प्रतिनिधी सभा उभी राहायची. मसुदा कुणीही लिहो, अधिकार सोडायचे होते ते राजाला. मुलानं आणलेला कागद बापानं फाडला असता, तर त्याला विचारणारं कोण होतं?

आणि हा माणूस गांधीजींना भेटून एकाएकी उदार झाला असंही नाही. गांधीजी आफ्रिकेतून परतायच्या आधीची, १९१० ची गोष्ट. बेळगावातून कारखाना हलवावा लागलेल्या लक्ष्मणराव किर्लोस्करांना बाळासाहेबांनी कुंडल रोड स्टेशनजवळ ३२ एकर माळ दिला. निवडुंग माजलेला, पाण्याचा पत्ता नसलेला माळ. त्याची किर्लोस्करवाडी झाली. दुसऱ्याच्या कर्तबगारीवर विश्वास टाकायची सवय या राजाला अशी जुनी होती. कारखानदारावर टाकला तसा पुढं खेडुतावर टाकला.

दुसरा आक्षेप आकाराचा. बहात्तर गावांचं संस्थान, तेही सलग नाही, तुकड्यातुकड्यांत विखुरलेलं; त्याचं कसलं स्वराज्य? मला तर इथंच बाळासाहेबांचं धैर्य दिसतं. बडोद्याला, म्हैसूरला हात लावताना इंग्रज सरकारही दहादा विचार करी. औंध चिमटीत चिरडता आलं असतं. इंग्रजांच्या रेसिडेन्सीची मर्जी हाच ज्याचा आधार, त्यानं तीच पणाला लावली.

सूर्यनमस्कारांचं त्यांचं वेड मात्र मी झाकणार नाही. त्यांनी ते शाळांत सक्तीचे केले. राजाची हौस रयतेच्या पोरांवर लादणं गैरच. पण या एका हट्टासाठी त्यांच्याच राज्यात उघडलेला स्वतंत्रपूरचा खुला तुरुंग पुसून कसा टाकणार?

आटपाडीजवळचं स्वतंत्रपूर एकदा डोळ्यांनी पाहावं. मूळ कल्पनाच अशी की तुरुंग, पण भिंत नाही. पहारेकऱ्याच्या बंदुकीऐवजी कैद्याचा शब्द. गंभीर गुन्ह्यांतली माणसं तिथं बायकापोरांसह राहायची, जमीन कसायची. आटपाडीचा तो भाग दुष्काळी. पावसाची वाट पाहण्यात माणसं म्हातारी व्हावीत असा. तिथं हिरवा वाफा उभा करायचा म्हणजे माणसाला रोज उठून मातीशी झुंजावं लागतं. पळून जायला रान मोकळं असताना झुंजत राहायचं, हाच त्या वसाहतीचा पाठ. व्ही. शांताराम यांच्या ‘दो आँखें बारह हाथ’ या चित्रपटाचं बीज इथलंच, आणि त्याची कथा लिहिणारे गदिमाही याच मुलखातले, औंधच्या शाळेत शिकलेले.

चित्रपटात लोकांना जेलर आठवतो. ज्याच्या राज्यात हा तुरुंग उघडला, त्या राजाचं नाव विचारलं तर समोरचा गप्प होतो. संस्थानं १९४८ मध्ये विलीन झाली, बाळासाहेब १९५१ मध्ये गेले. स्वतंत्रपूरची खुली वसाहत पुढं महाराष्ट्राच्या तुरुंग खात्याकडं आली आणि चालत राहिली, अजूनही भिंतीविना.