माप कोणाच्या हाती?

मैदानी खेळ हे निर्भेळ न्यायाचे क्षेत्र आहे, असे आपण गृहीत धरतो. कुस्तीत पंचाची नजर चुकू शकते आणि जिम्नॅस्टिक्समध्ये परीक्षकाचा कल गुणांत उतरू शकतो. परंतु धावणे, फेकणे आणि उडी मारणे या प्रकारांत घड्याळ व मापाची फीत यांच्यापुढे कोणाची मर्जी चालत नाही, अशी आपली समजूत असते. १९८७ साली रोम येथे भरलेल्या दुसऱ्या जागतिक अजिंक्यपद स्पर्धेतील पुरुषांच्या लांब उडीने या समजुतीला मोठा धक्का दिला. त्या घटनेचा विचार केवळ क्रीडारसिकांनीच करावा, असे मात्र नाही. उत्तरपत्रिका तपासणारा शिक्षक, नोंदवही सांभाळणारा कारकून आणि गुणपत्रिकेवर भवितव्य टांगून बसलेला विद्यार्थी, या सर्वांचा संबंध कोणत्या ना कोणत्या मापाशी येतोच.

प्रथम हकीगत पाहू. रोमच्या त्या अंतिम फेरीत अमेरिकेच्या कार्ल लुईसने ८.६७ मीटर उडी मारून सुवर्णपदक मिळविले आणि सोव्हिएत संघाचा रॉबर्ट एमियान ८.५३ मीटरसह दुसरा आला. याविषयी वाद नव्हता. तिसऱ्या स्थानावर अमेरिकेचा लॅरी मायरिक्स ८.३३ मीटरसह होता. इतक्यात यजमान इटलीच्या जिओव्हान्नी इव्हान्जेलिस्तीने आपली शेवटची उडी घेतली, फलकावर ८.३८ असा आकडा झळकला आणि कांस्यपदक इटलीकडे गेले. प्रत्यक्षात ती उडी आठ मीटरच्याही आत पडली होती. फलकावरचा आकडा आणि वाळूतील खूण यांत सुमारे अर्ध्या मीटरचे अंतर होते. दूरचित्रवाणीच्या फिती पुन्हा पुन्हा पाहणाऱ्यांना हे खटकले, आरडाओरड झाली, इटलीच्या ऑलिंपिक समितीने चौकशी केली आणि मोजमाप करणाऱ्या मंडळींनी तो आकडा अगोदरच ठरवून ठेवला होता, असे निष्पन्न झाले. १९८८ साली पदक काढून घेऊन ते मायरिक्सला देण्यात आले.

लांब उडीचे माप घेण्याची रीत मुळात फार कडक आहे. उडी मारण्याच्या फळीच्या पुढल्या कडेपासून, वाळूत शरीराच्या कोणत्याही भागाने उमटविलेल्या सर्वांत जवळच्या खुणेपर्यंत अंतर मोजतात आणि सेंटिमीटरचा अपुरा भाग उरला तर तो सोडून देतात. म्हणजे शंकेचा फायदा खेळाडूला मिळू नये, अशीच नियमांची योजना आहे. शिवाय रोममध्ये मोजणी साध्या फितीने होत नव्हती. त्यासाठी अद्ययावत प्रकाशीय यंत्र होते. यंत्र आले की लबाडी संपते, असे मानणाऱ्यांनी ही गोष्ट ध्यानात ठेवावी. यंत्र खोटे बोलले नाही. यंत्राजवळ उभी असलेली माणसे खोटे बोलली. फीत असती तर निदान प्रेक्षकांना ती ताणलेली दिसली असती. यंत्राच्या आकड्याला मात्र एक पावित्र्य चिकटलेले असते आणि त्याच्या आडोशाने असत्य सहज खपून जाते.

हे घडले कसे, याचे उत्तर माणसांच्या दुष्टपणात शोधण्यापेक्षा व्यवस्थेच्या रचनेत शोधणे अधिक उपयोगाचे ठरेल. स्पर्धेचे यजमानपद इटलीकडे होते आणि मोजणारे अधिकारी इटालियन महासंघाचे होते. त्या महासंघाचे अध्यक्ष प्रिमो नेबिओलो हेच आंतरराष्ट्रीय महासंघाचेही अध्यक्ष होते आणि योगायोग असा की, तरुणपणी ते स्वतः लांब उडी मारीत. त्यांनी तसा हुकूम दिल्याचे सिद्ध झालेले नाही. परंतु हुकमाची आवश्यकता तरी कोठे होती? पदकांच्या संख्येवरून महासंघाची प्रतिष्ठा ठरते आणि महासंघाच्या प्रतिष्ठेवर अधिकाऱ्यांची पदे अवलंबून असतात. अशा रचनेत वरिष्ठांना काय आवडेल, हे कनिष्ठांना न सांगताच समजते. मापातून ज्याचा लाभ होणार त्याच्याच हाती माप दिले, तर काटा मारला जाण्याची शक्यता कायम राहते, हा अर्थशास्त्राचा अगदी प्राथमिक सिद्धांत आहे. कौटिल्याने वजने-मापांसाठी पौतवाध्यक्ष हा स्वतंत्र अधिकारी सांगितला आणि व्यापाऱ्यांची मापे दर चार महिन्यांनी तपासून घ्यावीत असा नियम घातला, तो याच जाणिवेने.

या प्रकरणात सर्वांत मोठे नुकसान कोणाचे झाले? मायरिक्सला पदक मिळाले, पण ते महिन्यांनंतर. ऐंशी हजारांच्या मैदानात विजयमंचावर उभे राहण्याचा क्षण त्याला कोणी परत देऊ शकले नाही. त्याहून अधिक दया येते ती इव्हान्जेलिस्तीची. हा काही सामान्य खेळाडू नव्हता. १९८४ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये त्याने स्वतःच्या बळावर कांस्यपदक मिळविले होते आणि १९८७ सालीच त्याने ८.४३ मीटरची उडी मारलेली होती. लबाडीत त्याचा हात असल्याचे चौकशीत आढळले नाही. तरीही त्याचे नाव निघाले की लोकांना आठवते ती रोमची खोटी उडी. चलनात खोटी नाणी आली की खरी नाणीही माणूस वाजवून पाहू लागतो. खोट्या मापाने उपकार करणारे ज्याच्यावर उपकार करतात, त्याच्या खऱ्या कमाईचेही अवमूल्यन करतात.

आणखी एका माणसाची नोंद घ्यायला हवी. इटलीच्या संघाचे प्रशिक्षक सान्द्रो दोनाती यांनी स्वदेशाच्या पदकाविरुद्ध पुरावे गोळा करून हे प्रकरण धसास लावले. त्यांना बक्षीस काय मिळाले? राष्ट्रीय प्रशिक्षकपद गमवावे लागले. जी संस्था सत्य सांगणाऱ्याला दूर करते, तिला लबाडीचे एक उदाहरण सापडले तरी पुढची लबाडी थांबत नाही. आठ वर्षांनी, १९९५ च्या जुलैत, इटलीतीलच सेस्त्रिएरे येथे क्यूबाच्या इव्हान पेद्रोसोने ८.९६ मीटर उडी मारली. माइक पॉवेलने १९९१ साली टोकियोत केलेल्या ८.९५ मीटरच्या विश्वविक्रमाहून ती एका सेंटिमीटरने अधिक होती आणि विश्वविक्रम करणाऱ्यास तेथे फेरारी मोटार जाहीर झालेली होती. पाठीमागून दर सेकंदास दोन मीटरहून अधिक वेगाचा वारा असेल तर विक्रम मान्य होत नाही. चित्रफितीत दिसले ते असे की, उडीच्या वेळी वायुमापकाच्या समोरच एक मनुष्य उभा होता. तो विक्रम मंजूर झाला नाही.

परदेशातील या गोष्टींवर आपण तोंडसुख घ्यावे, अशी मात्र आपली स्थिती नाही. शाळेच्या निकालाच्या टक्केवारीवरून शाळेची किंमत ठरते आणि अंतर्गत गुण त्याच शाळेतील शिक्षकाने द्यायचे असतात. कार्यालयाने उद्दिष्ट गाठले की नाही, हे त्याच कार्यालयाने भरलेल्या तक्त्यावरून ठरते. महाविद्यालय आपले मूल्यमापन आपणच लिहून पाठवते. या ठिकाणी बसलेली माणसे बहुतांशी प्रामाणिक आहेत, याविषयी माझ्या मनात शंका नाही. पण रोमच्या मैदानावरील अधिकारीही दरोडेखोर नव्हते. आपण देशासाठी, संस्थेसाठी थोडे सैल माप टाकत आहोत, असेच त्यांना वाटले असावे. गुणवत्ता यादीत आपला विद्यार्थी यावा म्हणून दोन गुण वाढविणाऱ्या गुरुजींनाही तसेच वाटते. यादीतून खाली गेलेल्या अनोळखी मुलाचा चेहरा मात्र त्यांच्या डोळ्यांपुढे नसतो.

उपाय अवघड नाहीत, फक्त गैरसोयीचे आहेत. ज्याचा निकालाशी संबंध आहे त्याच्या हातून माप काढून घ्यावे. माप घेतल्याची खूण, मग ती वाळूतली असो वा उत्तरपत्रिकेतली, तिसऱ्या माणसाला पुन्हा तपासता येईल अशी जपून ठेवावी. आणि मापात पाप झाले असे सांगणाऱ्याला घरी न बसविता त्याचे म्हणणे ऐकून घेण्याची सोय नियमातच असावी.

१९८८ च्या सेऊल ऑलिंपिकमध्ये हेच दोघे पुन्हा समोरासमोर आले. मायरिक्स तिसरा आला आणि इव्हान्जेलिस्ती चौथा. त्या चौथ्या क्रमांकाविषयी कोणीही शंका घेतली नाही, आणि एखाद्या प्रामाणिक खेळाडूला रोमच्या पदकापेक्षा तो अधिक मोलाचा वाटला तर नवल नाही.