बाकावरचा दुसरा माणूस

भारतीय फुटबॉल संघ हरला की दुसऱ्या दिवशी बसमध्ये, कॅन्टीनमध्ये आणि इन्स्टाग्रामवर एकच वाक्य ऐकू येतं: ‘कोच बदला.’ १७ जून २०२४ रोजी तेही झालं. विश्वचषक पात्रता फेरीतला भारताचा प्रवास संपला आणि महासंघाने क्रोएशियाच्या इगोर स्टिमाच यांना पाच वर्षांनी घरी पाठवलं. त्यांच्या जागी एफसी गोवाचे मानोलो मार्केझ आले. ऑगस्ट २०२५ मध्ये खालिद जमील आले. म्हणजे चौदा महिन्यांत तीन कोच. आणि १४ ऑक्टोबर २०२५ रोजी, आपल्याच फातोर्ड्याच्या मैदानावर, सिंगापूरने आपल्याला २-१ ने हरवलं आणि २०२७ च्या आशिया चषकाचं दारही बंद झालं.

तेव्हा नुसता कोच बदलून भागत नाही, एवढं तरी आता मान्य करूया. माझं म्हणणं असं की स्टिमाच यांच्याबद्दल आपण पाच वर्षं भलताच वाद घातला. ते चांगले की वाईट, कोच देशी हवा की विदेशी, यावर घसे कोरडे केले. त्यांच्या कारकिर्दीकडे बघून आपण, त्यातही आपण गोवेकरांनी, विचारायचा प्रश्न वेगळा होता. कोच तयार होतात कुठे?

आधी माणूस कोण ते बघू. स्टिमाच यांचा जन्म १९६७ चा, मेत्कोविच या छोट्या शहरातला. १९८७ मध्ये युगोस्लाव्हियाच्या युवा संघाने चिलीत जगज्जेतेपद जिंकलं, त्या संघात ते होते. बोबान, शूकर, प्रोसिनेच्की ही मंडळी त्यांच्या सोबत खेळत होती. पुढच्या चार-पाच वर्षांत तो देशच फुटला. ज्या झेंड्याखाली ही पोरं जिंकली, तो झेंडा राहिला नाही. १९९८ मध्ये त्यांच्यातलेच काही जण क्रोएशिया या नव्या देशाचे कपडे घालून फ्रान्सला गेले आणि पहिल्याच विश्वचषकात तिसरे आले. स्टिमाच त्या संघाच्या बचावफळीत होते.

क्लबच्या पातळीवर ते हायदुक स्प्लिट, स्पेनमधलं कादिझ, इंग्लंडमधले डर्बी काउंटी आणि वेस्ट हॅम असे फिरले. डर्बीची गोष्ट मला फार आवडते. १९९५ मध्ये तिथल्या पहिल्याच सामन्यात त्यांनी गोल केला, पण संघ ५-१ ने हरला. त्यानंतर डर्बी सलग २० सामने हरली नाही आणि त्या हंगामाअखेर थेट प्रीमियर लीगमध्ये पोचली. पहिल्या दिवशीच्या निकालावरून डर्बीवाल्यांनी त्यांना काढून टाकलं असतं तर?

आता मुद्द्याची गोष्ट. २००६ ते २०१२ क्रोएशियाचे प्रशिक्षक होते स्लाव्हेन बिलिच, १९९८ च्या त्याच संघातले. त्यांच्यानंतर आले स्टिमाच, तेही त्याच संघातले. त्यांना नेमणाऱ्या महासंघाचे अध्यक्ष होते डावोर शूकर, १९९८ च्या विश्वचषकात सर्वाधिक ६ गोल करणारे. स्टिमाच वर्षभरच टिकले, २०१३ मध्ये त्यांची जागा निको कोवाच यांनी घेतली. पुढे आले झ्लाटको डालिच. खेळाडू म्हणून हे गृहस्थ साधेच, राष्ट्रीय संघासाठी एकदाही खेळले नाहीत. पण कोच म्हणून सौदी आणि अमिरातीत घासूनपुसून तयार झाले आणि क्रोएशियाला २०१८ मध्ये विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात, तर २०२२ मध्ये तिसऱ्या स्थानावर घेऊन गेले.

हा देश केवढा? जेमतेम ३९ लाख लोकांचा. गोव्याच्या तिपटीहून थोडा कमीच. तिथे एक कोच फसला की दुसरा तयार असतो, कारण बूट काढल्यावरही खेळाडू खेळातच राहतो. स्टिमाच स्वतः खेळणं थांबवल्यावर हायदुकपासून इराणच्या सेपाहानपर्यंत आणि कतारच्या अल-शहानियापर्यंत हेच काम करत आले होते.

भारतात त्यांनी केलं काय? न्याय दोन्ही बाजूंनी हवा. सप्टेंबर २०१९ मध्ये, छेत्री संघात नसताना, आशियाचा विजेता असलेल्या कतारला त्यांच्याच दोह्यात ०-० असं रोखलं. त्या दिवशी आपल्या गोव्याचे रॉलिन बोर्जेस आणि मंदार राव देसाईही मैदानात होते. २०२१ आणि २०२३ ची सॅफ स्पर्धा जिंकली. २०२३ मध्ये संघ क्रमवारीत पहिल्या शंभरात आला. पण जानेवारी २०२४ च्या आशिया चषकात तीन सामने, तीन पराभव आणि एकही गोल नाही. मार्चमध्ये गुवाहाटीत अफगाणिस्तानकडून घरच्या मैदानावर हार. त्यांचं बोलणं फटकळ, रागावर ताबा नाही, हेही खरं. आणि हेही खरं की २०२३ च्या आशियाई खेळांसाठी क्लबांनी खेळाडू सोडायला खळखळ केली. जेमतेम जुळवलेला संघ हांगझोऊला उतरला आणि दुसऱ्याच दिवशी चीनकडून ५-१ ने हरला. दीर्घ शिबिरं द्या, म्हणून हा माणूस ओरडत राहिला. ज्या खेळाडूंना सोळाव्या-सतराव्या वर्षी पहिला धड कोच मिळाला, त्यांना तिशीत दोन आठवड्यांत जगाचं फुटबॉल कोण शिकवणार?

आणि आता बाकावरचा दुसरा माणूस. २०२३ ची सॅफ स्पर्धा बंगळुरूला होती. पाकिस्तानविरुद्ध थ्रो-इनच्या वेळी चेंडू हिसकावल्याबद्दल स्टिमाच यांना लाल कार्ड मिळालं, कुवेतविरुद्धच्या गटातल्या सामन्यात पुन्हा मिळालं. त्यामुळे नेपाळविरुद्ध, लेबनॉनविरुद्धच्या उपांत्य सामन्यात आणि कुवेतविरुद्धच्या अंतिम सामन्यात संघ सांभाळला तो सहायक प्रशिक्षक महेश गवळी यांनी. तिन्ही सामने आपण जिंकले, शेवटचे दोन पेनल्टींवर. गवळी गोव्याचे. चर्चिल ब्रदर्स, ईस्ट बंगाल, धेंपो या क्लबांचे आणि भारताचे एकेकाळचे भक्कम बचावपटू. माझ्या वर्गातल्या दहा जणांना मी त्यांचं नाव विचारलं. दोघांना माहीत होतं. स्टिमाच मात्र दहाही जणांना माहीत होते.

गवळी एकटे नाहीत. २०११ मध्ये भारताचे कोच आधी आर्मांदो कोलासो आणि मग साव्हियो मेदेरा होते, दोघेही गोवेकर. डेरिक परेरा यांनी भारताच्या २३ वर्षांखालील संघाला शिकवलं. क्लिफर्ड मिरांडा यांनी एप्रिल २०२३ मध्ये हंगामी कोच असताना ओडिशाला सुपर कप जिंकून दिला. म्हणजे क्रोएशियाने जे केलं ते करण्याची ऐपत आपल्यात आहे. फक्त ती सगळ्या गोव्यात पोचलेली नाही.

मी डिचोली तालुक्यात वाढले. माझं आडनाव ऐकलं की लोक दोन गोष्टी धरून चालतात. हिला फुटबॉल कळत असणार आणि हिला मराठी येत नसणार. फुटबॉल सासष्टीचा, किरिस्तांवांचा. क्रिकेट आणि मराठी आमच्या पेडण्या-डिचोलीची, हिंदूंची. ही वाटणी कुणी केली देव जाणे, पण शाळेच्या मैदानापर्यंत ती येते. आमच्या शाळेत पीटीचे एकच सर खो-खोपासून परेडपर्यंत सगळं बघायचे. फुटबॉल म्हणजे मुलांच्या अंगावर एक बॉल टाकायचा आणि शिट्टी वाजवायची. मुलींनी रिंगटेनिस. पेडण्यात माझ्या मावशीकडे गेलं की कापणी झालेल्या शेतात पोरं बांबूचे गोलपोस्ट रोवून अंधार पडेपर्यंत खेळताना दिसतात. पाय छान चालतात त्यांचे. पाय कुठे ठेवायचा हे सांगणारं कोणी नसतं.

यात एक टोचणारी गोष्ट आहे. २००७-०८ ते २०१२-१३ या सहाही वर्षी आय-लीग गोव्याच्या क्लबांनी जिंकली. त्यातल्या चार वेळा धेंपो आणि साळगावकर, म्हणजे खाणमालकांचे क्लब. डिचोलीची खाण २००९ पर्यंत धेंपोंची होती, मग सेसाने घेतली. सेसाने १९९९ मध्ये फुटबॉल अकादमीही काढली, ते चांगलंच केलं. पण ढोबळ हिशेब केला तर लाल धूळ आमच्या तालुक्याने खाल्ली आणि चषक मडगाव-पणजीत मिरवले. २०१२ मध्ये खाणी थांबल्या. २०१६ मध्ये महासंघाच्या नव्या रचनेवर नाराज होऊन धेंपो, साळगावकर आणि स्पोर्टिंगने आय-लीग सोडली. धेंपो आता परत आलंय, पण मालकाच्या मर्जीवर आणि खनिजाच्या भावावर खेळ उभा केला की काय होतं ते आपण पाहिलं.

कोणी म्हणेल, पेडण्यात आधी पाणी द्या, नोकऱ्या द्या, फुटबॉल कोचचं काय घेऊन बसलीस? बरोबर आहे. पण कोच ही नोकरीच आहे. महासंघाच्या परवान्यांची शिडी ‘डी’ पासून सुरू होते, मग ‘सी’, ‘बी’, ‘ए’ आणि सर्वांत वर ‘प्रो’. पहिली पायरी थोड्या दिवसांच्या अभ्यासक्रमाची आहे. प्रत्येक तालुक्यात पगारी, परवानाधारक दोन कोच नेमा, त्यातली एक बाई असू दे. गावच्या क्लबात खेळून तिशीला आलेल्या आणि आता दुकानात बसणाऱ्या खेळाडूंची परवान्याची फी पंचायतीने भरावी. अभ्यासक्रम मराठी-कोंकणीत शिकवा, म्हणजे इंग्रजीला घाबरून कोणी मागे फिरणार नाही. २०१२ मध्ये गोव्याने फुटबॉलला राज्याचा खेळ म्हटलंय, तर राज्यात पेडणे आणि डिचोलीही येतात.

आपल्याच कॉलेजच्या संघातले किती जण तिसऱ्या वर्षानंतर बूट माळ्यावर टाकतात ते आठवा. त्यातल्या एकाने किंवा एकीने यंदा ‘डी’ चा अर्ज भरावा, एवढंच मी मागतेय. फॉर्म इंग्रजीत असेल तर माझ्याकडे या. मी बसून भरून देईन.