राजांचे भांडण आमच्या दारी

हेन्री राजाला दुसरी बायको करायची होती म्हणून प्रोटेस्टंट धर्म निघाला, हे वाक्य आमच्या धर्मग्रामांतील लहान मूलही घडाघडा म्हणून दाखवते. पलीकडच्या आळीतील मूल तितक्याच ठसक्यात सांगते की, पोपमहाशयांनी स्वर्गाची तिकिटे विकायला काढली म्हणून ल्यूथर उठला. दोन्ही वाक्ये अर्धवट आहेत आणि दोहोंपैकी एकही प्रवरेच्या पाण्यावर वाढलेले नाही. तरीही एकाच आडनावाची, एकाच गावकुसाबाहेरून आलेली, एकमेकांच्या सोयरिकीत गुंतलेली आमची माणसे, दुसऱ्या चर्चमधील मयतीला जावे की न जावे यावर घरात खल करीत बसतात. हे भांडण आमचे नव्हे, राजांचे आहे, असे आमचे स्पष्ट मत आहे. राजे गेले, त्यांची सिंहासने वस्तुसंग्रहालयांत गेली. त्यांचा कज्जा तेवढा आम्ही वारसाहक्काने सांभाळला आहे.

राजा धर्म बदलतो आणि प्रजेने मान डोलवायची, ही गोष्ट समजून घेण्यास आमच्या वाचकांना युरोपात जाण्याचे कारण नाही. नगरच्या किल्ल्याकडे पाहावे. इंग्लंडच्या आठव्या हेन्रीने १५३४ साली पार्लमेंटकडून स्वतःला तेथील ख्रिस्तसभेचे मस्तक ठरवून घेतले. त्यानंतर तीनचार वर्षांतच येथे बुऱ्हाण निजामशहाने शाह ताहिर या विद्वानाच्या प्रभावाने सुन्नी पंथ सोडून शिया पंथ राज्याचा पंथ म्हणून जाहीर केला. आजारी राजपुत्रासाठी केलेल्या नवसाची कथा फरिश्ता सांगतो. त्या कथेमागे इराणच्या शहाशी जवळीक साधण्याचे राजकारण नव्हते असे कोण म्हणेल? शहरात विरोध झाला, तो मोडून काढण्यात आला. पुढे १५८९ साली जमालखान प्रबळ झाला, तेव्हा मूल इस्माईलला गादीवर बसवून त्याने महदवी पंथ राजपंथ केला. १५९१ साली दुसरा बुऱ्हाण जिंकला आणि शिया पंथ परत आला. अर्ध्या शतकात नगरच्या मशिदींतील खुतबा कितीदा बदलला हे मोजावे. या काळात कोणा विणकराने वा भिस्त्याने सिद्धान्तांचा तौलनिक अभ्यास करून आपले मत बनवले असेल, असे आम्हास वाटत नाही.

युरोपात हेच सूत्र कागदावर आले. १५५५ साली आउग्सबुर्ग येथे तह झाला की ज्याचे राज्य त्याचा धर्म. राजा कॅथलिक तर प्रजा कॅथलिक, राजा ल्यूथरचा तर प्रजा ल्यूथरची; ज्याला पटत नसेल त्याने घरदार विकून सरहद्द ओलांडावी. कॅल्व्हिनच्या अनुयायांना तर या तहात जागाच नव्हती. ती मिळण्यास १६४८ उजाडावे लागले आणि त्याआधी तीस वर्षांचे युद्ध जर्मन भूमीवरून नांगरासारखे फिरून गेले. १६३१ च्या मे महिन्यात माग्देबुर्ग हे प्रोटेस्टंट शहर कॅथलिक सम्राटाच्या सैन्याने जाळले. सुमारे वीस हजार माणसे मेली. आता त्याच वर्षीची दुसरी नोंद वाचावी. स्वीडनचा प्रोटेस्टंट राजा गुस्ताव्ह अडॉल्फ या सम्राटाविरुद्ध लढत होता. त्याला दरसाल चार लाख टालर देण्याचा करार जानेवारीत कोणी केला? कॅथलिक फ्रान्सने, आणि त्या फ्रान्सचा कारभार कार्डिनल रिशल्यू यांच्या हाती होता. लाल टोपी घातलेला ख्रिस्तसभेचा राजपुत्र प्रोटेस्टंट तोफांना दारू पुरवतो, यात सिद्धान्त शोधणाऱ्याने खुशाल शोधावा.

आमच्या लोकांना अर्धीच यादी पाठ असते, म्हणून उरलेली अर्धी येथे देतो. १५७२ च्या ऑगस्टमध्ये संत बार्थोलोम्यूच्या सणादिवशी पॅरिसमध्ये ह्युगेनॉट प्रोटेस्टंटांची कत्तल सुरू झाली व ती अन्य शहरांत पसरली. ती वार्ता ऐकून तेरावे ग्रेगरी यांनी रोममध्ये स्तुतिगीत गाववले आणि स्मृतिपदक पाडवले. आपल्या भिंतीवरची दिनदर्शिका याच पोपमहाशयांनी दुरुस्त केलेली. माणसाचे एक काम दुसऱ्याला झाकत नाही. इंग्लंडात मेरी राणीच्या कारकिर्दीत सुमारे २८० प्रोटेस्टंट जिवंत जाळले गेले. तिच्या सावत्र बहिणीने, एलिझाबेथने, येशूसंघीय एडमंड कँपियन यांना १५८१ साली फाशीच्या दोरावरून उतरवून चिरले. संत थॉमस मोर यांनी राजापुढे मान तुकवली नाही व १५३५ साली ती कुऱ्हाडीखाली दिली. परंतु हेच मोर राज्याचे चॅन्सेलर होते तेव्हा पाखंडी ठरवून सहा जणांना जाळण्यात आले होते, हेही खरे आहे. इकडे आर्चबिशप क्रॅनमर यांनी भीतीने विश्वासत्यागाच्या कागदावर सही केली आणि १५५६ साली जाळताना तोच उजवा हात आधी ज्वाळेत धरला. मरताना मोर आणि क्रॅनमर दोघेही निःसत्ताक होते. श्रद्धेसाठी मरणारा कधीच सत्तेवर नसतो. सत्तेवर असलेला मारतो, आणि त्याचे नाव मागाहून धर्मरक्षक म्हणून लिहिले जाते.

काही मंडळी म्हणतील, फादर, यात मराठी माणसाचा काय संबंध? संबंध आहे. 'ख्रिस्तपुराण' हा ग्रंथ आपल्या हाती आला तोच या भांडणामुळे. फादर थॉमस स्टीफन्स हे इंग्लंडातील विल्टशरचे. त्यांचे जिवलग मित्र थॉमस पौंड कॅथलिक म्हणून पकडले गेले व त्यांनी सुमारे तीस वर्षे तुरुंगवास भोगला. स्टीफन्स मात्र रोमला पोचून येशूसंघात दाखल झाले आणि १५७९ च्या ऑक्टोबरात गोव्यास उतरले. मायदेशी त्यांना जागा उरली नव्हती. १५८५ च्या कायद्याने तर परदेशात दीक्षा घेतलेल्या धर्मगुरूने इंग्लंडात पाऊल ठेवणे हाच राजद्रोह ठरला. असा हा राणीच्या राज्यातून आलेला माणूस. १५८३ साली त्याच राणीच्या राज्यातील चार जण, राल्फ फिच, जॉन न्यूबेरी आणि त्यांचे दोन सोबती, हेर म्हणून पोर्तुगिजांनी गोव्याच्या तुरुंगात टाकले. ते पाखंडी असावेत असाही संशय होताच. त्यांच्या सुटकेसाठी खटपट कोणी केली? याच फादर स्टीफन्सनी. फिच यांनी आपल्या प्रवासवृत्तात ते कृतज्ञतेने नोंदवले आहे. जो राजा मित्राला कोंडतो त्याच्या प्रजेवर सूड उगवावा असे या धर्मगुरूला वाटले नाही. भूक लागलेली आणि बेड्या पडलेली चार माणसे त्यांनी पाहिली.

परंतु गोव्यातही सत्ता कॅथलिक होती आणि तिने आपले गुण दाखवले. साष्टीची देवळे १५६७ साली पाडण्यात आली. १५६० पासून १८१२ पर्यंत, मधला थोडा खंड सोडता, इन्क्विझिशनचे न्यायासन तेथे चालले. स्टीफन्सनी लोकांच्या ओवीत ख्रिस्तचरित्र गायले आणि १६१६ साली ते रायतूरला छापून निघाले. त्यांच्यामागे १६८४ साली पोर्तुगीज व्हाइसरॉयने लोकांची भाषाच बंद करण्याचा हुकूम काढला. ख्रिस्तपुराणाची तिसरी आवृत्ती १६५४ ची, आणि चौथी मंगळूरला १९०७ साली निघाली. मध्ये अडीचशे वर्षे! हा ग्रंथ कोणा प्रोटेस्टंटाने गाडला नाही. ख्रिस्तसभेचे रक्षण करतो म्हणणाऱ्या राजसत्तेच्या सावलीत तो विस्मरणात गेला.

मुंबईची कथा थोडक्यात सांगतो. १६६१ च्या विवाहतहाने मुंबई इंग्लंडकडे गेली तेव्हा कॅथलिकांच्या उपासनेला अभय देण्यात आले होते. १७२० साली गव्हर्नर बून यांनी पोर्तुगीज फ्रान्सिस्कनांना बेटाबाहेर काढले व कार्मेल संघाचे धर्मगुरू आणवले. प्रोटेस्टंट गव्हर्नराला कॅथलिक धर्मगुरूंचे वावडे नव्हते, लिस्बनला निष्ठा वाहणाऱ्यांचे होते. त्यातून पाद्रुआदो आणि प्रोपागांडा हा कॅथलिकांचा कॅथलिकांशी तंटा असा माजला की एकाच गावात दोन अधिकारक्षेत्रे चालली आणि ती दुहेरी व्यवस्था १९२८ साली निवळली. इथे तर प्रोटेस्टंटांचा दोषही नाही.

आता आपल्या जिल्ह्याकडे येतो. अमेरिकन मराठी मिशन १८३१ साली नगरला आले. 'ज्ञानोदय' १८४२ साली येथेच सुरू झाले. सावित्रीबाई फुले यांनी सिंथिया फॅरार यांच्या नगरच्या शाळेत अध्यापनाचे धडे घेतले. पुढे एस. पी. जी. ही अँग्लिकन संस्था आली, तेव्हा अमेरिकन मिशनने तिच्या येण्यास हरकत घेतली. १८७८ च्या सुमारास जर्मन भाषा बोलणारे येशूसंघीय राहुरी तालुक्यातील केंदळला आले, आणि मग तिन्ही मिशनांत गावागावांवरून ओढाताण सुरू झाली. तो दुष्काळाचा काळ होता. एकाच भावकीतील थोरला एका मिशनात, धाकटा दुसऱ्यात, अशी वाटणी झाली. त्यामागे अनेकदा सिद्धान्त नव्हता. शाळामास्तर कोणाचा आधी आला, पाटलाच्या जुलमाविरुद्ध कचेरीत अर्ज कोणी लिहून दिला, हे होते. त्यात लाजण्यासारखे काही नाही. ज्याने माणूस म्हणून वागवले त्याच्या मागे आमचे पूर्वज गेले. पण मग त्यांच्या नातवंडांनी आपण ट्रेंटच्या परिषदेत बसून आलो असा आव का आणावा?

केंदळहूनच १९०३ साली फादर हेन्री डोरिंग यांनी 'निरोप्या' काढला; पुढे ते पुण्याचे महागुरू झाले. १९१४ साली महायुद्ध पेटले आणि ब्रिटिश सरकारला हे धर्मगुरू शत्रूदेशाचे नागरिक दिसू लागले. यातील विसंगती पाहा. याच येशूसंघाला जर्मनीने १८७२ च्या कायद्याने हद्दपार केले होते, कारण बिस्मार्कच्या लेखी ते जर्मनीपेक्षा रोमचे अधिक होते. इथे ते रोमपेक्षा जर्मनीचे अधिक ठरले! त्यांना अटकेत ठेवून देशाबाहेर पाठवण्यात आले. डोरिंग पुढे जपानात हिरोशिमाला नेमले गेले आणि पुण्यास १९२७ साली परतले. कोणी म्हणेल, प्रोटेस्टंट सरकारने कॅथलिकांवर डूख धरला. तसे म्हणणाऱ्याने नगरच्या युद्धछावणीचे स्मरण करावे. त्या छावणीत बासेल मिशनचे जर्मन मिशनरीही आणून कोंडले होते, आणि ते पक्के प्रोटेस्टंट होते. साहेबाने कोणाचीही प्रश्नोत्तरी तपासली नाही, पासपोर्ट तपासला.

आमच्यावर आक्षेप येईल की, मग काय, मतभेदच नाहीत? आहेत. पवित्र मिस्सा, पोपपद, धर्मगुरूपद यांविषयी आहेत, आणि त्यांवर पाणी घालून एकोपा करावा असे आम्ही कधी म्हणणार नाही. पण मतभेद वाद करून बोलता येतात, दारे लावून नव्हे. दुसऱ्या व्हॅटिकन विश्वपरिषदेने २१ नोव्हेंबर १९६४ रोजी या विभक्त बंधूंना बंधू म्हटले व फुटीचा दोष दोन्हीकडे असल्याचे लिहून ठेवले. १९९५ साली पोप दुसरे जॉन पॉल यांनी चेक देशात कॅथलिकांनी इतरांवर केलेल्या अन्यायांबद्दल क्षमा मागितली. ज्या मुद्द्यावरून ल्यूथर वेगळा झाला त्या नीतिमत्त्वाच्या प्रश्नावर ३१ ऑक्टोबर १९९९ रोजी दोन्ही बाजूंनी एका कागदावर सह्या केल्या. रोमने हात पुढे केला आणि आमच्या वाड्यावस्त्यांवर मात्र रोमपेक्षा अधिक रोमन लोक उरले आहेत.

आम्हास अधिक चिंता निराळीच आहे. निवडणूक आली की दोन्हीकडची शिष्टमंडळे वेगवेगळी पुढाऱ्याच्या दारात उभी राहतात. एकाला दफनभूमी हवी, दुसऱ्यालाही हवी, पण एकत्र नको. पुढारी दोघांना चहा पाजतो आणि कोणालाच जागा देत नाही. १९५० च्या राष्ट्रपती आदेशाने दलित ख्रिस्ती अनुसूचित जातींच्या सवलतींबाहेर राहिला; १९५६ साली शिखांना व १९९० साली बौद्धांना त्यांत घेतले, ख्रिस्ती बाहेरच आहे. त्या आदेशात कॅथलिक आणि प्रोटेस्टंट असे दोन रकाने नाहीत. दाखला नाकारणारा कारकून स्नानसंस्कार कोणत्या वेदीपाशी झाला हे विचारीत नाही.

म्हणून आमच्या धर्मग्रामातील मंडळींना तीन गोष्टी उघड सांगतो. चर्च ऑफ नॉर्थ इंडियाचा स्नानसंस्कार ख्रिस्तसभा मान्य करते. तिकडून आलेल्या सुनेला पुन्हा पाणी घाला, असा आग्रह धरून कोणी आमच्याकडे येऊ नये. मिश्र विवाहासाठी महागुरूंची परवानगी लागते, ती मागण्याचा अर्ज धर्मगुरूनेच पाठवायचा असतो आणि आम्ही तो पाठवत राहू, मुलीचे मामा रागावले तरी. आणि येत्या १८ ते २५ जानेवारीच्या ऐक्य सप्ताहात दफनभूमीचा अर्ज दोन्ही चर्चच्या सह्यांनी तहसील कचेरीत द्यायचा आहे. पलीकडचे पाळक तयार आहेत, आमच्या बाजूच्या सह्या अजून यायच्या आहेत.