तुमचं ऐकून न घेताच 'बँकेची चूक नाही' कसं ठरतं?

टेंभुर्णीकरांनो, पोस्ट थोडी मोठी आहे, पण बँकेत खातं असेल तर शेवटपर्यंत वाचा.

मागच्या आठवड्यात एक शेतकरी माझ्याकडं कागद घेऊन आला. कापसाच्या पट्टीचे पैसे खात्यात जमा झाले आणि दोन दिवसांत त्यातले एक्केचाळीस हजार गायब. त्यानं दुसऱ्याच दिवशी शाखेत लेखी तक्रार दिली. बँकेचं उत्तर आलं तीन ओळींचं, तेही इंग्रजीत: व्यवहार ओटीपीने झाला, बँक जबाबदार नाही. हा म्हणतो, मला ओटीपी आलाच नाही. बँकेचं नाव मुद्दाम लिहीत नाही, कारण प्रश्न एका शाखेचा नाही.

मी म्हणालो, रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडं जाऊ. त्यानं विचारलं, "भाऊ, तिथं मला बोलू देतील का?"

उत्तर द्यायला मी योजनाच काढून वाचली. 12 नोव्हेंबर 2021 पासूनची 'एकात्मिक लोकपाल योजना'. चांगलं ते आधी सांगतो. तक्रार फुकट आहे. कागद चंदीगडच्या एकाच केंद्रात जातात. लोकपाल 20 लाखांपर्यंत नुकसानभरपाई देऊ शकतो, मनस्तापाचे 1 लाखापर्यंत वेगळे. बँकेचं उत्तर तक्रारदाराला दाखवायचं आणि निवाडा देण्याआधी दोघांनाही बाजू मांडायची वाजवी संधी द्यायची, हेही त्यात लिहिलंय.

मग गोम कुठं आहे? कलम 16(2)(अ) मध्ये. 'सेवेत त्रुटी नाही' असं लोकपालाचं मत झालं, तर तो कुठल्याही टप्प्यावर तक्रार फेटाळू शकतो. आणि या कारणाने फेटाळलेल्या तक्रारीवर योजनेत अपीलच नाही! त्रुटी होती की नव्हती, हाच तर सगळा वाद. नेमक्या त्याच प्रश्नावर चूक झाली तर वर दाद मागायची सोय नाही. शिवाय तक्रार वकिलामार्फत करता येत नाही. बँकेकडं मात्र पगारी कायदा अधिकारी बसलेले असतात.

लोकपालाची चूक होऊ शकते का? होते. मुंबई उच्च न्यायालयाचा जून 2024 चा निकाल बघा. एका औषध कंपनीच्या खात्यातून 76 लाख 90 हजार गेले होते. लोकपालाने तक्रार फेटाळली. उच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला आणि बँकेला 6 टक्के व्याजासह पैसे परत करायला लावले. आधार होता रिझर्व्ह बँकेच्याच 6 जुलै 2017 च्या परिपत्रकाचा. ग्राहकाची चूक होती हे बँकेने सिद्ध करायचं, असं त्यात स्पष्ट आहे. कंपनीला उच्च न्यायालय परवडलं. एक्केचाळीस हजारांसाठी आपल्या शेतकऱ्याने संभाजीनगरच्या खंडपीठात रिट टाकायची का?

आता दुसरी गंमत. मार्च 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की कर्जदाराचं खातं 'फसवणूक' ठरवण्याआधी बँकेने त्याची बाजू ऐकलीच पाहिजे. बरोबरच आहे, नैसर्गिक न्याय म्हणतात तो हाच. पण कोटींच्या कर्जदाराला जो हक्क, तोच हजारांच्या ठेवीदाराला का नको?

कोणी म्हणेल, लाखो तक्रारी येतात, प्रत्येकाला कुठं बोलवत बसायचं? बोलवू नका. फोन करा, मराठीत दहा मिनिटं ऐका. झटपट न्याय हवाच, पण एकाच बाजूचं वाचून केलेली झटपट म्हणजे नुसता निपटारा.

मागण्या तीनच. फेटाळण्याआधी तक्रारदाराला त्याच्या भाषेत ऐकून घ्या. बँकेचं उत्तर देऊन त्यावर बोलायला मुदत द्या. आणि 16(2)(अ) वर अपील खुलं करा.

तोवर आपण काय करायचं? पैसे गेले की तीन कामकाजी दिवसांच्या आत बँकेला कळवा. लेखी द्या, पोच घ्या. 30 दिवसांत उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही, तर एका वर्षाच्या आत लोकपालाकडं जा. माहितीसाठी 14448 वर फोन करा. आणि तक्रारीतच ठळक लिहा: "बँकेच्या उत्तराची प्रत मिळावी, माझं म्हणणं ऐकल्याशिवाय निर्णय देऊ नये."

त्या शेतकऱ्याच्या अर्जात हे वाक्य आम्ही पहिल्याच पानावर लिहिलंय. पुढं काय होतं, ते इथंच कळवतो.