आवाजाची किल्ली कोणाकडे?

१९०२ च्या नोव्हेंबर महिन्यात कलकत्त्यास गोहरजान यांचे गाणे ग्रामोफोनच्या तबकड्यांवर उतरवून घेण्यात आले. त्यांतील एखादी तबकडी आज कोणा संग्राहकाच्या हाती लागली, तर ती ऐकण्यासाठी त्याला मूळ कंपनीची परवानगी लागत नाही की तिचे यंत्रही लागत नाही. फिरणारी तबकडी, एक सुई आणि एक कर्णा एवढी सामग्री पुरते. कारण आवाज खाचेतच कोरलेला असतो. याउलट १९९८ साली एखाद्या संगणकावर साठविलेली रिअलऑडिओ पद्धतीची फाइल आज जशीच्या तशी शाबूत असली, तरी ती बोलेलच अशी खात्री देता येत नाही. शहाण्णव वर्षांनी वडील असलेली तबकडी बोलते आणि धाकटी फाइल मुकी राहते, ही गोष्ट विचार करावयास लावणारी आहे. या मुकेपणाचे मूळ काही लहानशा फायलींत आहे, ज्यांची नावेही श्रोत्यांच्या कानावर कधी आली नाहीत.

संगणकावरील कोणतीही आज्ञावली आपली सर्व कामे स्वतः करीत नाही. अनेक आज्ञावलींना लागणारी समान कामे वेगळ्या फायलींत लिहून ठेवावीत आणि गरज पडेल तेव्हा प्रत्येकीने ती तेथून घ्यावीत, ही कल्पना १९६० च्या दशकातील मल्टिक्स या संगणक प्रणालीइतकी जुनी आहे. अशा फायलींना 'शेअर्ड लायब्ररी' म्हणतात. १९८५ साली आलेल्या विंडोज प्रणालीत त्यांचे नाव 'डीएलएल' असे पडले. खेड्यात लग्नकार्याची मोठी भांडी गावकीची असतात. प्रत्येक घराने आपली स्वतंत्र घंगाळी आणि पातेली घेण्याऐवजी एकच संच ठेवायचा आणि ज्याच्या घरी कार्य असेल त्याने तो न्यायचा, अशी ती व्यवस्था. सामायिक लायब्ररीचे तत्त्व याहून निराळे नाही. ज्या काळात संगणकाची स्मृती आणि साठवण दोन्ही महाग होती, त्या काळात ही काटकसर शहाणपणाचीच होती.

रॉब ग्लेसर यांनी १९९४ साली सिअॅटल येथे स्थापन केलेल्या प्रोग्रेसिव्ह नेटवर्क्स या कंपनीने याच व्यवस्थेचा आधार घेतला. तिचा रिअलऑडिओ १९९५ च्या एप्रिलमध्ये बाहेर आला आणि त्याच वर्षीच्या ५ सप्टेंबरला सिअॅटल व न्यूयॉर्क येथील संघांमधील बेसबॉलचा सामना इंटरनेटवरून थेट ऐकविण्यात आला. यामागील अडचण केवढी होती, हे आकड्यांवरून समजते. कॉम्पॅक्ट डिस्कवरील संगीताला सेकंदाला सुमारे १,४११ किलोबिट माहिती लागते. त्या वेळच्या घरगुती मोडेममधून सेकंदाला १४.४ किलोबिटच जात. म्हणजे नदीचे पाणी सुमारे शंभर पटींनी अरुंद अशा नळीतून न्यायचे होते. त्यासाठी ध्वनीचे जे संकोचन करावे लागते आणि श्रोत्याच्या संगणकावर पोचल्यावर त्याचा जो पुन्हा विस्तार करावा लागतो, त्या दोन्ही कृतींच्या सूत्राला 'कोडेक' म्हणतात. ऐकू येणारा आवाज या सूत्रावाचून संभवतच नाही.

कंपनीने ही सूत्रे वादकाच्या मुख्य आज्ञावलीत न घालता स्वतंत्र लायब्ररी फायलींत ठेवली. एक फाइल 'कुक' नावाच्या पद्धतीची, दुसरी सिप्रो या कंपनीकडून घेतलेल्या, मानवी भाषणास अनुकूल अशा पद्धतीची, तिसरी सोनी कंपनीच्या पद्धतीची. नवे सूत्र आले की नवी फाइल आणून ठेवावी, वादक बदलण्याचे कारण नाही. रचना म्हणून ही योजना उत्तम होती, हे मान्य केलेच पाहिजे.

परंतु गावकीच्या भांड्यांबाबत जे तंटे होतात ते येथेही झाले. एका आज्ञावलीने येताना सामायिक फायलीची आपल्या सोयीची, कधी कधी जुनीच, आवृत्ती आणून ठेवावी आणि काल सुरळीत चालणारी दुसरी आज्ञावली आज बंद पडावी, हा अनुभव त्या दशकात इतका सार्वत्रिक होता की त्याला 'डीएलएल नरक' असे नावच पडले. विंडोजच्या २००० आणि २००१ सालच्या आवृत्त्यांनी यावर बराच इलाज केला. प्रोग्रेसिव्ह नेटवर्क्सचे नाव १९९७ साली बदलून रिअलनेटवर्क्स झाले, तरी तिच्या काही लायब्ररी फायलींच्या नावांतील 'पीएन' ही जुनी आद्याक्षरे पुढेही कायम राहिली. मालकाची पाटी बदलते, कोठारातील भांड्यांवरचे नाव तेच राहते.

हे तंटे तात्पुरते होते. खरा प्रश्न त्याहून खोल आहे. गावकीच्या पातेल्याला भोक पडले तर कोणताही तांबट ते सांधू शकतो. या फायली मात्र बंद होत्या. त्यांच्या आत कोणते सूत्र आहे हे कंपनीने प्रसिद्ध केले नव्हते. २००२ साली तिने आपल्या वादकाचा बराच भाग सर्वांसाठी खुला केला, पण कोडेकांच्या फायली बंदच ठेवल्या. शिवाय अशी तयार फाइल एका विशिष्ट प्रक्रियकासाठीच बनविलेली असते. बत्तीस बिटांच्या आज्ञावलीसाठी घडविलेली लायब्ररी चौसष्ट बिटांच्या आज्ञावलीला थेट जोडता येत नाही, आणि आजच्या भ्रमणध्वनीवर तर तिचा काडीचाही उपयोग नाही. यंत्रे बदलत गेली, तसतशी किल्ली कुलपाला बसेनाशी झाली.

लिनक्सवर काम करणाऱ्या स्वयंसेवकांनी प्रथम कंपनीच्याच फायली आपल्या वादकांना जोडून वेळ भागविली. पुढे त्यांनी त्या फायलींच्या वर्तनाचा बारकाईने अभ्यास करून मूळ सूत्र शोधून काढले आणि 'एफएफएमपेग' या मुक्त प्रकल्पात ते नव्याने लिहिले. आज जुनी रिअलऑडिओ फाइल एखाद्या मुक्त वादकावर वाजते ती या परिश्रमांमुळे. हे कार्य मोलाचे आहेच. पण एका संपूर्ण कालखंडाचा आवाज मूठभर माणसांच्या चिकाटीवर अवलंबून राहावा, ही काही व्यवस्था म्हणता येणार नाही.

येथे एक आक्षेप येईल. ज्या कंपनीने बुद्धी आणि पैसा खर्च केला, तिने आपले सूत्र फुकट का वाटावे? आक्षेप रास्त आहे; पण त्याचे उत्तर एमपी३ च्या इतिहासात मिळते. ते तंत्र १९९३ साली आंतरराष्ट्रीय मानक म्हणून प्रसिद्ध झाले. त्यावर पेटंटे होती आणि त्यांच्या मालकांनी वर्षानुवर्षे शुल्कही घेतले. पेटंटांची मुदत संपत आल्यावर २०१७ साली शुल्क आकारणीची ती योजना बंद करण्यात आली. संशोधकाला मोबदला मिळाला आणि समाजाला सूत्र मिळाले. पेटंटला मुदत असते, गुपिताला नसते. मोबदल्याचा हक्क आणि लपवून ठेवण्याचा हक्क या दोन भिन्न गोष्टी आहेत, हे ध्यानात घेतले म्हणजे आक्षेपाची धार उरत नाही.

हा प्रश्न सिअॅटलपुरता मर्यादित आहे असे मानण्याचे कारण नाही. १५ ऑगस्ट १९९५ रोजी विदेश संचार निगमाने भारतात सर्वसामान्यांसाठी इंटरनेट सेवा सुरू केली आणि पुढील काळात भारतीय संगीताच्या संकेतस्थळांनीही हीच पद्धत वापरली. परदेशी राहणाऱ्या मराठी कुटुंबांनी त्यावर जुनी गाणी ऐकली, कित्येकांनी ती जपून ठेवली असे त्यांना वाटलेही. पण पुष्कळदा जपलेली फाइल म्हणजे गाण्याचा नुसता पत्ता असे. पत्त्यावरचे घर गेले आणि चिठ्ठी तेवढी हाती उरली.

मराठी कारकून आणि शिक्षक यांना याच दुखण्याचा दुसरा अवतार चांगलाच परिचित आहे. युनिकोडचा वापर रूढ होण्यापूर्वी प्रत्येक कंपनीच्या फाँटची अक्षरयोजना वेगळी असे. त्या काळी टंकलिखित केलेली प्रश्नपत्रिका वा कार्यालयीन टिप्पणी आज नव्या संगणकावर उघडली, की विचित्र चिन्हांची रांग तेवढी दिसते. मजकूर गेलेला नसतो. तो वाचण्याची किल्ली गेलेली असते.

यातून घ्यावयाचा धडा अवघड नाही. विद्यापीठे, ग्रंथालये, आकाशवाणी, नाट्यसंस्था यांच्याकडील ध्वनिमुद्रणे संगणकीय स्वरूपात आणण्याचे काम दिले जाते, तेव्हा निविदेत दराबरोबर एक अटही असली पाहिजे: मूळ प्रत ज्या पद्धतीने साठविली जाईल तिचे सूत्र प्रसिद्ध झालेले असावे. २०२४ च्या डिसेंबरमध्ये इंटरनेट मानक म्हणून नोंदले गेलेले 'फ्लॅक' किंवा संकोचन न केलेली 'वेव्ह' फाइल असे पर्याय उपलब्ध आहेत आणि त्यांना परवान्याचे शुल्क पडत नाही. जेथे जुन्या बंद पद्धतीतील मुद्रणे पडून आहेत, तेथे ती वाजविणारी साधने हाताशी आहेत तोवरच त्यांचे रूपांतर करून घ्यावे. हे काम खर्चाचे कमी आणि आस्थेचे अधिक आहे. प्रत्येक महाविद्यालयात असा एखादा विद्यार्थी असतो, ज्याला ते आठवड्याभरात करता येईल. त्याला कोणी सांगितले मात्र पाहिजे.

तबकडी फुटते, ध्वनिफीत कुजते. त्या नाशाला काळ जबाबदार असतो. फाइल शाबूत असून मुकी राहते, तेव्हा ती जबाबदारी काळावर ढकलता येत नाही. किल्ली कोणाकडे आहे हे न विचारता जो आपला ठेवा कुलपात ठेवून देतो, त्याच्याकडेच ती जाते.