तुंबाडचे सोने आणि इटियाडोहचा सांडवा

चित्रपटाच्या व्यवसायात पडून राहिलेल्या मालाला सहसा गिऱ्हाईक मिळत नाही. पहिल्या आठवड्यात जो चित्रपट पडला तो कायमचा पडला, असा वितरकांचा जुना हिशेब. अलीकडे हिंदी चित्रपटसृष्टीत हा हिशेब उलटा झाला आहे. २०१८ चा ‘लैला मजनू’ ऑगस्ट २०२४ मध्ये, त्याच वर्षीचा ‘तुंबाड’ १३ सप्टेंबर २०२४ रोजी आणि २०१६ चा ‘सनम तेरी कसम’ फेब्रुवारी २०२५ मध्ये चित्रपटगृहांत परत आला. तिन्ही चित्रपटांनी पहिल्या खेपेपेक्षा अधिक गल्ला जमविला.

यामागचे गणित व्यापाऱ्यास सहज उमगेल. निर्मितीचा खर्च पूर्वीच झालेला, नव्या मोठ्या चित्रपटांची चणचण असल्याने पडदे मोकळे, आणि मधल्या काळात घरी बसून चित्रपट पाहिलेल्यांनी तोंडोतोंडी वाढविलेली पत. खतावणीत न दिसणारी ही पतच पुढे रोकड झाली.

या तिन्हींत ‘तुंबाड’ वेगळा आहे. राही अनिल बर्वे या मराठी दिग्दर्शकाचा हा भयपट केवळ प्रौढांसाठी आहे. मुलांना तो दाखवू नये. मात्र त्याचा विषय प्रत्येक पेढीवर बोलला जावा असा आहे. कोकणातील एका वाड्यात पुरलेल्या सोन्याच्या मोहरांमागे विनायक लागतो. प्रत्येक फेरीत जीव धोक्यात घालून तो मूठभर मोहरा आणतो, त्या संपल्या की पुन्हा जातो. पुढे तो आपल्या लहान मुलालाही हीच विद्या शिकवितो. सारे धन एकदम आणण्याची युक्ती तो मुलगाच सुचवितो आणि त्यातच बापाचा अंत होतो. अखेरीस बाप मोहरांनी भरलेले वस्त्र पुढे करतो, तेव्हा मुलगा ते नाकारतो. वारसा नाकारण्याचा तो क्षण हाच चित्रपटाचा खरा शेवट.

योगायोग असा की, हा चित्रपट परतला तेव्हा दशलक्षण पर्व सुरू होते. दहा धर्मांपैकी उत्तम शौच म्हणजे लोभाचा त्याग. श्रावकाला धन मिळविण्याची मनाई नाही. परिग्रह-परिमाण अणुव्रत त्याला फक्त मर्यादा आखावयास सांगते. विनायकाने ती कधी आखलीच नाही.

मर्यादेचा अर्थ पाहावयाचा तर गोंदिया जिल्ह्यात अर्जुनी-मोरगाव तालुक्यातील इटियाडोह धरणावर जावे. गाढवी नदीचे पाणी तेथे साठते, कालव्यांतून धानाच्या बांध्यांना मिळते. चांगल्या पावसाळ्यात जलाशय भरला की उरलेले पाणी सांडव्यावरून वाहू लागते आणि ते पाहावयास लोक गर्दी करतात. सांडवा नसेल तर साठलेले पाणीच धरणाला धोका ठरते.

दिवाळीत नवी वही उघडताना घरातील वडीलधारे नफ्याचा आकडा मुलांना अभिमानाने दाखवितात. त्याच पानावर यंदा किती पुरे, हाही एक आकडा लिहून ठेवावा. मुले तोही वाचतील.