बाया 'मिळाल्या नाहीत' की येऊ दिल्या नाहीत?

मैत्रिणींनो, भारतीय सिनेमाची पहिली नायिका पुरुष होती, ही गोष्ट आपल्याला किती कौतुकानं सांगितली जाते! १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'साठी दादासाहेब फाळक्यांना बाया मिळेनात. वेश्यावस्तीत विचारलं, तर 'त्यासुद्धा' तयार होईनात. मग ग्रँट रोडच्या उपाहारगृहात काम करणारे अण्णा साळुंके तारामती झाले. इथे ऐकणारे हसतात. मला मात्र त्या 'त्यासुद्धा'ची चीड येते. समाजानं हलकी ठरवलेल्या बाईला नकार देण्याचाही हक्क नाही, असंच ना यातून म्हणायचं?

साळुंक्यांशी माझं भांडण नाही. भांडण आहे ते गोष्ट तिथंच संपवण्याशी. त्याच १९१३ साली फाळक्यांच्याच 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची लेक कमलाबाई मोहिनी. नवऱ्यापासून वेगळं झाल्यावर दुर्गाबाईंनी लेकीला घेऊन नाटक कंपनीची वाट धरली होती. त्याबद्दल त्यांच्या वाट्याला बहिष्कार आला. पुढे कमलाबाई गोखले ऐन तारुण्यात विधवा झाल्या. रंगभूमीवर आणि पडद्यावर राबून त्यांनी तीन मुलगे वाढवले. तरी त्यांची ओळख काय? चंद्रकांत गोखल्यांची आई, विक्रम गोखल्यांची आजी!

१९३२ साली 'अयोध्येचा राजा'मध्ये दुर्गा खोटे आल्या. तेव्हा कुलीन घरातल्या स्त्रीमुळे सिनेमाला प्रतिष्ठा आली, असं आजही लिहिलं जातं. दुर्गा खोटे यांचं कर्तृत्व मोठंच आहे. पण प्रतिष्ठा कुळातून येते, कामातून नाही, हे कोणी ठरवलं? एकोणीस वर्षं आधी दार ढकलणाऱ्या मायलेकींच्या वाट्याला बदनामी, आणि उघड्या दारातून कुलीन बाई आली की तो इतिहास?

हा सवाल जुन्या सिनेमापुरता नाही. मी कोनला राहते. आमच्याकडे भिवंडीच्या गोदामांत माल बांधणाऱ्या बाया आहेत. एखादीला घरी यायला रात्र झाली, की शेजारी विचारतात, 'एवढ्या रात्रीपर्यंत कसलं काम?' तिचा पगार किती, तिला घरी सोडायला गाडी आहे का, हे कुणी विचारत नाही. बाईच्या कामावर संशय घ्यायचा, ती मागे हटली की 'बायाच मिळत नाहीत' म्हणायचं, ही युक्ती शंभर वर्षांहून जुनी आहे.

म्हणून माझं म्हणणं एवढंच. 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी लोकांसमोर आला. दर ३ मे रोजी फाळक्यांचं नाव निघेल, तेव्हा आपल्या गटात, शिबिरात, शाळेत ही दोन नावंही घ्या : दुर्गाबाई कामत, कमलाबाई गोखले. आणि कुणी 'तेव्हा बाया मिळतच नव्हत्या' म्हणालं, तर तिथल्या तिथं विचारा, त्यांची वाट कोणी अडवली होती?